ग्रँडमास्टरचा सत्कार छापता, त्याचा डावही छापा

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

काही दिवसांपूर्वी एका दैनिकाच्या क्रीडापानावर तीन स्तंभी छायाचित्र पाहिले. व्यासपीठावर नऊ माणसे, शाल, श्रीफळ, पुष्पगुच्छ आणि मधोमध संकोचून उभा असलेला एक तरुण बुद्धिबळपटू. समोरच्या टेबलावर शोभेसाठी बुद्धिबळाचा पट ठेवला होता आणि तो चुकीचा ठेवला होता. खेळाडूच्या उजव्या हाताच्या कोपऱ्यात पांढरे घर यायला हवे, तिथे काळे आले होते. वजीर आपल्या रंगाच्या घरात उभा राहतो एवढे कोणाला तरी ठाऊक असावे, कारण ते साधण्यासाठी राजा आणि वजीर यांची अदलाबदलही केलेली होती. छायाचित्राखालच्या ओळींत पाहुण्यांची नावे पदांसह होती. ज्या कामगिरीसाठी सत्कार झाला, तिच्याबद्दल ‘देदीप्यमान यश’ हे दोन शब्द होते.

मी नाशिकमधल्या एका छापखान्यात बत्तीस वर्षे मुद्रितशोधक होतो. त्यामुळे छापलेल्या पानातल्या चुका दिसणे ही माझी खोड आहे, ती निवृत्तीनंतरही गेलेली नाही, आणि पट आडवा मांडला म्हणून संपादकांना पत्र लिहिण्याइतका मी रिकामाही नाही. परंतु त्या छायाचित्रामुळे बरीच वर्षे मनात असलेली एक मागणी लिहून काढावीशी वाटली. मागणी अशी आहे की आपल्या क्रीडापानावर आठवड्यातून एकदा, रविवारी किंवा आपल्याला सोयीच्या दिवशी, एखाद्या ग्रँडमास्टरचा एक डाव पहिल्या चालीपासून शेवटच्या चालीपर्यंत संपूर्ण छापावा आणि त्यासोबत मराठीत चार शब्दांची टीप द्यावी.

ही मागणी करण्याचे कारण छपाईच्या धंद्यातल्या माणसाला चटकन पटेल. सचिन तेंडुलकरने १९९८ मध्ये शारजात केलेल्या १४३ धावांचे वर्णन छापता येते. ती खेळी छापता येत नाही. कुस्तीतला डाव, धावपटूची शेवटची फेरी, बॅडमिंटनची लांबलेली चढाओढ, यांपैकी काहीही कागदावर उतरत नाही, त्यांच्याबद्दल लिहिलेले तेवढे उतरते. बुद्धिबळाचा डाव मात्र जसाच्या तसा उतरतो. चाळीस चालींचा डाव एका स्तंभाच्या पंधरा-वीस ओळींत बसतो, आणि ज्याच्याकडे पट आणि सोंगट्या आहेत, तो वाचक घरी बसून खेळाडूने जे केले ते सगळे, काहीही न गाळता, पुन्हा घडवू शकतो. खेळाडूची कामगिरी अक्षरशः वाचकाच्या हातात देण्याची सोय ज्या खेळात आहे, त्या खेळाच्या बातमीत आपण नेमकी तीच वगळतो आणि हारतुरे छापतो, हे मला मुद्रितशोधक म्हणून फार दिवस खटकत आले आहे.

डाव छापण्याने काय होते, याची दोन उदाहरणे देतो. १८५१ मध्ये लंडनमध्ये आंतरराष्ट्रीय स्पर्धा भरली होती, त्या दिवसांत जर्मनीचा अँडरसन आणि पॅरिसमध्ये राहणारा किझेरित्स्की हे दोघे स्पर्धेबाहेर, सहज म्हणून एक डाव खेळले. अँडरसनने त्यात एक उंट दिला, दोन्ही हत्ती दिले, शेवटी वजीरही दिला आणि उरलेल्या किरकोळ मोहऱ्यांनी २३व्या चालीला मात केली. कोणी पंच नव्हता, बक्षीस नव्हते, त्या डावाची कुठे नोंद होण्याचे कारणही नव्हते. पण हरलेला किझेरित्स्की स्वतः एक बुद्धिबळ नियतकालिक चालवत होता आणि त्याने आपल्याच पराभवाचा तो डाव छापला. आज जगभर तो ‘अमर डाव’ म्हणून शिकवला जातो. संपादकाच्या थोरवीचे याहून मोठे उदाहरण मला माहीत नाही.

दुसरे उदाहरण आपल्या भूमीच्या अधिक जवळचे आहे. पंजाबातला मीर सुलतान खान हा सर उमर हयात खान यांच्या पदरी असलेला माणूस. तो आपल्या देशी पद्धतीचे बुद्धिबळ खेळून मोठा झालेला होता. माझे आजोबा जुन्या नाशकातल्या वाड्याच्या ओट्यावर खेळत, तेच हे बुद्धिबळ. त्यात प्यादे पहिल्या चालीलाही एकच घर सरकते, राजाला शह लागण्यापूर्वी एकदा घोड्यासारखी अडीच घरांची उडी घेता येते, आणि प्याद्याने केलेली मात म्हणजे प्यादेमात ही सर्वांत मानाची. अशा खेळातून आलेल्या सुलतान खानाने १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीन वर्षे ब्रिटनचे अजिंक्यपद मिळवले आणि १९३०-३१च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवले. नंतर तो मालकाबरोबर मायदेशी परतला आणि १९६६ मध्ये वारला. ग्रँडमास्टर हा किताब फिडे या जागतिक संघटनेने १९५० मध्ये पहिल्यांदा रीतसर दिला तेव्हा यादीत २७ नावे होती, त्यांत त्याचे नव्हते. २०२४ मध्ये फिडेने त्याला मरणोत्तर मानद ग्रँडमास्टर केले. हे शक्य झाले याचे कारण त्याचे डाव त्या काळच्या नियतकालिकांत छापलेले होते आणि आजचा जाणकार ते मांडून त्याची योग्यता ठरवू शकत होता. त्याच्या सत्काराची छायाचित्रे असती आणि डाव नसते, तर हा किताब कशाच्या आधारावर दिला असता?

आता आपल्याकडच्या बातम्यांविषयी. ‘ग्रँडमास्टर’ हा शब्द आपण इतक्या सढळ हाताने वापरतो की तो कसा मिळतो हे सांगायचे राहूनच जाते. ढोबळमानाने सांगायचे, तर तीन स्पर्धांत ग्रँडमास्टरच्या दर्जाची कामगिरी करून तीन नॉर्म मिळवावे लागतात, ते मिळून किमान २७ डाव भरावे लागतात, आणि एलो गुणांकन, म्हणजे खेळाडूची ताकद मोजणारा आकडा, एकदा तरी २५०० पर्यंत न्यावे लागते. मिळालेला किताब आयुष्यभर राहतो. म्हणजे तो एखाद्या स्पर्धेचा चषक नसून पदवीसारखा आहे. पदवी मिळाल्याच्या दिवशी पेढे वाटतात तसे आपण त्या दिवशी पान सजवतो, आणि त्यानंतरची वीस वर्षे तो माणूस काय करतो, याकडे पाहत नाही. कारकीर्द त्या वीस वर्षांत होते.

त्याआधीची वर्षेही कमी मोलाची नसतात. मॅन्युएल एरन हे १९६१ मध्ये भारताचे पहिले इंटरनॅशनल मास्टर (हा ग्रँडमास्टरच्या खालचा किताब) झाले आणि पहिला ग्रँडमास्टर मिळायला त्यानंतर २७ वर्षे जावी लागली; १९८८ मध्ये विश्वनाथन आनंद, १९९१ मध्ये दिव्येंदू बारुआ आणि १९९७ मध्ये मुंबईचे प्रवीण ठिपसे. महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर असलेले ठिपसे किताब मिळाला तेव्हा सदतीस-अडतीस वर्षांचे होते आणि तोपर्यंत सात वेळा राष्ट्रीय विजेते झालेले होते. चेन्नईच्या डी. गुकेशला २०१९ मध्ये हा किताब वयाच्या १२ वर्षे, ७ महिने आणि १७ दिवसांनी मिळाला आणि जागतिक विक्रम सतरा दिवसांनी हुकला, ही बातमी आपण सर्वांनी वाचली. या दोन आकड्यांची तुलना करून एकाला मोठे आणि दुसऱ्याला लहान ठरवणारे लोक मी कट्ट्यावर ऐकले आहेत. त्यांना एवढेच सांगावेसे वाटते की ठिपसे ज्या काळात घडले, त्या काळात नॉर्म मिळवण्याजोग्या स्पर्धांसाठी परदेशवाऱ्या कराव्या लागत, परदेशी पुस्तक हाती पडायला महिने लागत, आणि संगणकाने चूक दाखवणे तर दूरच राहिले. वयाचे आकडे छापल्याने यांतले काही कळत नाही. दोघांचे एकेक डाव शेजारी शेजारी छापले तर पुष्कळ कळेल.

खाडिलकर भगिनींच्या बाबतीत तर ही उणीव फारच जाणवते. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ मध्ये झाली, ती वासंती खाडिलकर यांनी जिंकली आणि पुढे दशकभर ते विजेतेपद वासंती, जयश्री आणि रोहिणी या तीन बहिणींच्या घराबाहेर गेले नाही. १९७६ मध्ये रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या, तेव्हा त्या जेमतेम तेरा वर्षांच्या होत्या. त्यावरून मोठा गदारोळ झाला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले आणि अखेर फिडेचे अध्यक्ष मॅक्स यूव्ह यांनी स्त्रियांना अशा स्पर्धांत मज्जाव करता येणार नाही असा निर्णय दिला. जुने लोक हा वाद अजून सांगतात. पण त्या स्पर्धेत त्या मुलीने तीन राज्यांच्या विजेत्यांना हरवले होते, ते तीन डाव किती मराठी वाचकांनी पाहिले आहेत? ज्या भाषेत या भगिनींचे कौतुक इतके झाले, त्या भाषेत त्यांचे डाव शोधायला निघालो, तर मला मिळाले नाहीत. भाग्यश्री साठे-ठिपसे यांनी पाच वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळवले, त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांच्या बाबतीतही तीच गोष्ट.

नाशिककर म्हणून मला विदित गुजराथीबद्दल जरा विस्ताराने लिहायचे आहे, आणि त्यात थोडा पक्षपात झाला तर तो गोड मानून घ्यावा. आमच्या जिल्ह्याने कविता राऊतसारखी धावपटू दिली, दत्तू भोकनळसारखा रोइंगपटू दिला, आणि त्यांच्या घरची गरिबी, डोंगरवाटा, विहिरी हे सगळे छापून आले, ते योग्यच झाले. विदितच्या वाटेत असे डोळ्यांना दिसणारे काही नाही. तो खोलीत बसून विचार करत होता, याची बातमी कशी करायची हा प्रश्न वार्ताहरालाही पडत असेल. म्हणून मग २००८ मध्ये त्याने व्हिएतनाममध्ये १४ वर्षांखालील जागतिक विजेतेपद मिळवले तेव्हा एक बातमी, २०१३ मध्ये ग्रँडमास्टर झाला तेव्हा एक, २०१७ मध्ये २७०० गुणांकन ओलांडले तेव्हा एक, आणि २०२० मध्ये ऑनलाइन ऑलिम्पियाडमध्ये, म्हणजे देशोदेशीच्या संघांच्या स्पर्धेत, त्याच्या नेतृत्वाखाली भारत रशियासह संयुक्त विजेता ठरला तेव्हा एक, असे मैलाचे दगड छापून झाले. दगडांमधला रस्ता छापायचा राहिला.

२०२३ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात आयल ऑफ मॅन या बेटावर फिडेची ग्रँड स्विस स्पर्धा झाली. अकरा फेऱ्या, जगातले बहुतेक सगळे बिनीचे खेळाडू हजर, आणि पहिल्या दोघांना आव्हानवीरांच्या म्हणजे जगज्जेत्याला कोण आव्हान देणार हे ठरवणाऱ्या कॅन्डिडेट्स स्पर्धेत थेट प्रवेश. विदित पहिल्याच फेरीत नेदरलँड्सच्या एर्विन लामीकडून हरला. त्या दिवशीची बातमी असती तर एक ओळीची असती. त्यानंतरच्या दहा फेऱ्यांत त्याने साडेआठ गुण केले आणि स्पर्धा जिंकली. अमेरिकेच्या हिकारू नाकामुरासारखा खेळाडू त्याच्या मागे दुसरा राहिला. महिलांच्या गटात त्याच वेळी वैशाली जिंकली, म्हणजे दोन्ही विजेतेपदे भारतात आली. आपल्या क्रीडापानावर मोठा मथळा आला आणि मला अतिशय आनंद झाला. मात्र पहिल्या दिवशी हरलेला माणूस दुसऱ्या दिवशी पटावर काय मांडतो, जोखीम घेतो की सावध खेळतो, हे मला त्या मथळ्यात सापडेना. शेवटी नातीकडून तिच्या आईच्या मोबाइलवर डाव शोधून घेतले आणि वहीत उतरवून रात्री एकट्याने मांडले.

त्यानंतर एप्रिल २०२४ मध्ये टोरांटोत कॅन्डिडेट्स झाली. आठ खेळाडू, प्रत्येकाशी दोन डाव, चौदा फेऱ्या. विदित सहा गुणांसह सहावा आला. ‘विदितची निराशाजनक कामगिरी’ असे मी वाचले, आणि गुणतक्ता पाहिला तर ते खोटेही नाही. पण त्याच तक्त्यात एक गोष्ट दडलेली आहे. नाकामुरा त्या स्पर्धेत चौदा डावांपैकी दोनच हरला, आणि ते दोन्ही विदितशी हरला. दुसऱ्या फेरीत विदितकडे काळी मोहरी होती. त्याने पहिल्या डझनभर चालींतच नाकामुराच्या राजापुढच्या एच३ घरातल्या (एच ही उभी रांग, ३ ही आडवी) प्याद्यावर आपला उंट देऊन टाकला. घरून तयारी करून आणलेली ही चाल होती. राजाचे छप्पर असे उचकटले गेल्यावर नाकामुराचा विचारात वेळ जाऊ लागला, मोहरी एकमेकांच्या आड येऊ लागली, आणि कैक डाव अपराजित राहिलेला हा खेळाडू हरला. नवव्या फेरीत पांढऱ्या मोहऱ्यांनी विदितने त्याला पुन्हा हरवले. स्पर्धा संपली तेव्हा गुकेशचे नऊ गुण होते आणि नाकामुरासह तिघांचे साडेआठ. आता हिशेब करून पाहावा. नाशिकच्या खेळाडूने घेतलेल्या त्या दोन गुणांतला एक जरी सुटला असता, तरी त्या वर्षी जगज्जेत्याला आव्हान कोणी दिले असते, हे सांगता येत नाही. सहाव्या क्रमांकाच्या बातमीत ही गोष्ट मावत नव्हती. डाव छापला असता तर मावली असती.

त्याच वर्षी सप्टेंबरात बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये भारताने खुल्या आणि महिला अशा दोन्ही गटांत सुवर्ण मिळवले. खुल्या संघाने २२ पैकी २१ गुण घेतले. गुकेश, प्रज्ञानंद, अर्जुन एरिगैसी यांच्याबरोबर चौथ्या पटावर विदित होता आणि तो एकही डाव हरला नाही. महिला संघात नागपूरची दिव्या देशमुख होती आणि त्या संघाचे कर्णधार होते पुण्याचे अभिजित कुंटे, जे २००० मध्ये भारताचे चौथे ग्रँडमास्टर झाले. नाशिक, नागपूर आणि पुणे अशी तीन शहरे त्या दोन सुवर्णपदकांत आहेत. याबद्दल पुष्कळ लिहून आले, म्हणून मी अधिक लिहीत नाही.

गुकेशच्या जगज्जेतेपदाची मात्र एक आठवण सांगतो. १२ डिसेंबर २०२४ रोजी सिंगापूरमध्ये चौदावा आणि शेवटचा डाव होता, गुकेश आणि तेव्हाचा जगज्जेता, चीनचा डिंग लिरेन, या दोघांचे साडेसहा-साडेसहा गुण. दुसऱ्या दिवशी सकाळी सार्वजनिक वाचनालयात वर्तमानपत्रांच्या टेबलाभोवती आम्ही पाच-सहा म्हातारे उभे होतो. ‘अठराव्या वर्षी जगज्जेता’ हा मथळा सगळीकडे होता, गुकेश रडल्याचे छायाचित्र सगळीकडे होते, आणि ‘डिंग लिरेनच्या घोडचुकीमुळे’ हे शब्दही सगळीकडे होते. आमच्यातले एक गृहस्थ म्हणाले, “म्हणजे त्याने चूक केली म्हणून हा जिंकला.” मी डाव पाहिलेला नव्हता, त्यामुळे मला उत्तर देता आले नाही.

संध्याकाळी तो डाव मांडल्यावर उत्तर मिळाले. गुकेशकडे एक प्यादे जास्त होते, पण दोघांकडे एकेक हत्ती आणि एकाच रंगाच्या घरांत फिरणारा एकेक उंट होता, आणि नीट खेळल्यास डाव बरोबरीत सुटला असता. गुकेश बरोबरी न मान्य करता पांढऱ्या मोहऱ्यांनी खेळणाऱ्या डिंगला प्रत्येक चालीला नवे काहीतरी सोडवायला लावत होता. डिंगचा उंट ए८ या पार कोपऱ्यातल्या घरात जाऊन बसला होता. ५५व्या चालीला डिंगने हत्ती एफ२ वर आणून हत्तींची मारामारी देऊ केली. गुकेशने हत्ती मारला, डिंगच्या राजाने परत मारला, आणि मग गुकेशने आपला उंट डी५ वर, कोपऱ्यातल्या उंटाच्या एकमेव वाटेवर, नेऊन ठेवला. त्या उंटाला निसटायला दुसरे घरच नव्हते. उंट उंटाने मारला गेला, उरले दोन राजे आणि प्यादी, आणि एक जास्तीचे प्यादे. ५८ चालींनंतर डिंगने डाव सोडला. चूक डिंगची होती हे खरे. परंतु ज्याने चार-पाच तास ती चूक होण्याजोगी परिस्थिती टिकवून धरली आणि झाल्याबरोबर ओळखली, त्याला नशीबवान म्हणून सोडून देता येत नाही. एवढी गोष्ट सांगायला शेवटच्या पाच चाली आणि पटाची एक आकृती पुरेशी होती. दुसऱ्या दिवशी वाचनालयात खिशातला छोटा पट काढून मी ती त्या गृहस्थांना दाखवली, तेव्हा ते बराच वेळ पटाकडे बघत राहिले आणि मग म्हणाले, “हे पेपरात का नाही देत?” पत्राचे श्रेय खरे तर त्यांचे आहे.

दिव्या देशमुखच्या बाबतीतही २०२५ च्या जुलैत हेच झाले. जॉर्जियातल्या बातुमीत महिलांच्या विश्वचषकात ती उतरली तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. अंतिम फेरीत कोनेरू हम्पीविरुद्धचे दोन्ही नेहमीचे डाव बरोबरीत सुटले, जलद डावांत दिव्या जिंकली आणि विश्वचषकाबरोबर ग्रँडमास्टर किताबही तिला थेट मिळाला. भारताची ती ८८वी ग्रँडमास्टर आणि महिलांमध्ये चौथी. हम्पी २००२ मध्ये ग्रँडमास्टर झाली तेव्हा दिव्या जन्मलेलीही नव्हती. असा सामना महाराष्ट्रातल्या वाचकासमोर चालींसकट यायला नको होता का?

यावर आपल्याकडून कोणत्या शंका येतील, त्याचा अंदाज आहे. पहिली म्हणजे हे सगळे डाव इंटरनेटवर फुकट मिळतात. मिळतात, क्रिकेटचा धावफलकही मिळतो आणि तरीही आपण तो दररोज छापता. शिवाय तिथे डावाशेजारी संगणकाच्या मूल्यमापनाची एक पट्टी वरखाली होत असते आणि पोरे पटापेक्षा त्या पट्टीकडेच बघतात. पांढरे वर गेले, काळे खाली आले, एवढेच त्यांना कळते. उंट का दिला, हे मराठीत सांगणारे तिथे फार थोडे आहे.

दुसरी शंका जागेची. त्याबद्दल मी अधिकाराने बोलू शकतो. शब्दकोडे, राशिभविष्य आणि सुडोकू यांना मिळून जेवढी जागा जाते, तिच्या निम्म्यात एक डाव, एक आकृती आणि टीप बसते. राशिभविष्य काढा असे मी म्हणत नाही, मलाही धंद्यात राहायचे होते.

तिसरी शंका म्हणजे चाली मराठीत कशा छापायच्या. राजाला ‘रा’, वजिराला ‘व’, हत्तीला ‘ह’, उंटाला ‘उं’ आणि घोड्याला ‘घो’ असे संक्षेप करता येतील, प्याद्याला काही लावायचे नाही. उभ्या रांगांना मात्र अ, ब, क अशी अक्षरे देऊ नयेत, कारण आठव्या रांगेच्या एचचा सरळ मराठीत ‘ह’ केला की तो हत्तीच्या ‘ह’शी भांडतो, मी एकदा हौसेने आख्खा डाव तसा लिहून पाहिला आणि माझाच मला वाचता येईना. ए ते एच हीच नावे ठेवावीत. त्याहून सोपे म्हणजे अक्षरांऐवजी सोंगट्यांची छोटी चिन्हेच वापरावीत, ती आता कोणत्याही संगणकात असतात आणि सर्व भाषांत चालतात. एक काळजी मात्र फार घ्यावी लागेल. लेखात एक अक्षर चुकले तर वाचक अंदाजाने नीट करून घेतो; डावात एक आकडा चुकला, ‘घो एफ३’चे ‘घो एफ५’ झाले, की पुढचा सगळा डाव कोसळतो आणि वाचक पटासमोर डोके खाजवत बसतो. प्रत्येक डाव छापण्यापूर्वी पटावर मांडून तपासलाच पाहिजे.

चौथी शंका, वाचणार कोण. गेल्या हिवाळ्यात मी नऊ वर्षांच्या नातीला घेऊन गंगापूर रोडवरच्या एका मंगल कार्यालयात मुलांच्या स्पर्धेला गेलो होतो. आदल्या दिवशीच्या लग्नाच्या झेंडूच्या माळा अजून कमानीला होत्या, जेवणाच्या टेबलांवर पट मांडलेले होते, आणि बाहेर आवारात पालक सतरंज्या टाकून, डबे उघडून बसले होते. आत शंभराच्या वर मुले होती आणि प्रत्येक मूल, अगदी ज्याचे पाय जमिनीला टेकत नव्हते तेही, आपली आणि समोरच्याची प्रत्येक चाल कागदावर लिहीत होते. नेहमीच्या संथ डावात ते बंधनकारकच असते. माझी नात जीभ बाहेर काढून लिहीत होती. ती हरली. बाहेर आली ती रडली नाही, कागद माझ्या हातात दिला आणि म्हणाली, “आबा, सव्विसाव्या चालीला चुकलं.” रिक्षात बसेपर्यंत मला सव्विसावी चाल वाचून दाखवून झाली होती. वजिराने फुकटचे दिसणारे प्यादे खाल्ले होते आणि घोड्याने एकाच उडीत राजाला शह देऊन वजीरही टिपला होता. या शहरात चालींची ही लिपी वाचणारी मुले आता गल्लोगल्ली आहेत. त्यांच्या घरी वर्तमानपत्र येते आणि त्यात त्यांना वाचता येईल अशी एकही ओळ नसते. मराठी वाचक तरुण राहिला नाही अशी चिंता आपण अग्रलेखांतून करता, म्हणून हे मुद्दाम सांगितले.

सदर सुरू करायचे ठरल्यास पहिल्या डावासाठी शोधाशोध करावी लागू नये, म्हणून टोरांटोच्या दुसऱ्या फेरीतला नाकामुरा-विदित डाव सोबतच्या वेगळ्या कागदावर सुवाच्य अक्षरात लिहून जोडला आहे. तो तीन वेळा पटावर मांडून तपासला आहे. तिसऱ्यांदा नातीने चाली वाचल्या आणि मी सोंगट्या हलवल्या, त्यात माझी एक चूक निघाली, ती लाल शाईने दुरुस्त केली आहे. छापण्यापूर्वीचे मुद्रित माझ्याकडे पाठवल्यास त्याच दिवशी तपासून परत करीन, त्याचा मोबदला नको. आकृती छापताना पटाच्या उजव्या हाताच्या खालच्या कोपऱ्यात पांढरे घर येते आहे, एवढे कृपया जुळणी करणाऱ्यांना सांगावे.

आपला नियमित वाचक,
एक निवृत्त मुद्रितशोधक
जुने नाशिक